ओसुगीची चाल

जपानमधल्या आवाजी बेटावरच्या आमच्या बाहुलीनाट्य मंडळीत मी नऊ वर्षं पाय केले. एक बाहुली तिघींनी चालवायची. शिगेनोबाईंकडे डोकं आणि उजवा हात, हारुएताईकडे डावा हात, माझ्याकडे पाय. ओसुगी ही आमची सगळ्यात जुनी बाहुली. स्त्रीपात्रांच्या बाहुल्यांना पाय नसतातच. किमोनोच्या घेरात दोन्ही मुठी घालून कापड असं ढकलायचं, की बघणाऱ्याला चाल दिसावी.

ताल चुकला की बाई पायातल्या उंच खडावेने माझ्या घोट्यावर ठोकत. "पाय आहेत की कांदे?"

मार्चमध्ये माझं लग्न ठरलं. मुलगा समुद्रावरच्या पुलापलीकडच्या तोकुशिमाचा. बाईंना सांगितलं.

"जा की. ओसुगीला विचारलंस?" त्या हसल्या. मीही हसले. हारुएताई हसली नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळच्या तालमीत, ओसुगी पुलावरून जाते त्या प्रवेशात, घेरात माझ्या मुठीला काहीतरी लागलं. टाच होती. लहान, गार, किंचित ओलसर. मी दचकून मूठ मागे घेतली. घेर तालात हलतच राहिला. मग दुसरी मूठही काढली.

ओसुगी चालत होती.

"आज जमलं तुला," बाई म्हणाल्या. नऊ वर्षांत पहिल्यांदा. सांगायला लाज वाटते, पण मला आनंद झाला.

नळावर हारुएताईला गाठलं. सगळं सांगितलं. ती पंचा पिळत राहिली.

"डावा हात मी चार वर्षं धरलेला नाही," ती म्हणाली.

"मग तू करतेस काय?"

"शेजारी उभी राहते."

"आणि बाई?"

तिने नळ बंद केला. "तू आजच जा."

तीनची बस होती. सामान बांधून मी निरोप घ्यायला तालीमघरात गेले. दार उघडं होतं. आत ऊन पडलेलं.

बाई चालत होत्या. आखूड पावलं, खाली घातलेली मान, अगदी ओसुगीची चाल. भिंतीशी हारुएताई गुडघे टेकून आपल्या पाळीची वाट बघत होती.

समोर ओसुगी उभी होती. तिला कुणी धरलं नव्हतं.

"आता जमलं का?" बाईंनी मान खाली ठेवूनच विचारलं.

ओसुगीने मान हलवली. नाही.

मग तो पांढरा चेहरा सावकाश दाराकडे वळला. बाईंनी घाईघाईने सरकून जागा केली.

"चपला काढून ये," त्या कुजबुजल्या. "त्यांना उशीर खपत नाही."

मी चपला काढल्या.