टेबलावर नसलेलं पुस्तक

संपादक दारात उभे राहिले तेव्हा त्यांचा चेहरा इतका उतरला होता, की भाऊजींना वाटलं यांच्या घरातलं कुणीतरी गेलंय. त्यांनी घाईघाईने खुर्ची पुढे केली आणि आवाज खाली आणून विचारलं, कोण गेलं?

"पुस्तक," संपादक म्हणाले.

भाऊजींनी मुकाट्याने वहिनींना हाक मारली.

वहिनी म्हणजे खासगी गुप्तहेर. धंदा मुळात नवऱ्याचा. तो गेल्यावर त्यांनी हाती घेतला आणि, खरं सांगायचं तर, त्याच्यापेक्षा बरा चालवला. भाऊजी त्यांचे धाकटे दीर, विमा कंपनीतून निवृत्त झालेले. प्रत्येक प्रकरणात ते पहिल्या तासातच गुन्हेगार शोधून काढत आणि नेमका तोच निर्दोष निघे. वहिनींना याचा फार उपयोग होई.

संपादकांनी पाणी पिऊन हकीकत सांगितली. त्यांची संस्था दरवर्षी एक जाडजूड ग्रंथ काढते. देशाच्या साहित्याचं अख्खं वर्ष त्यात येतं: काय लिहिलं गेलं, काय गाजलं, काय उगाच गाजलं. पहिला मान एका पुस्तकाला, वर्षाचं पुस्तक म्हणून. ते ठरवायला तीन परीक्षक. प्रत एकच, शिक्का मारलेली. ती आधी समीक्षकांकडे जाते, मग प्राध्यापिकाबाईंकडे, शेवटी कवींकडे, आणि परत कपाटात येते. निकालाच्या दिवशी तीच प्रत टेबलावर लागते. नवी चालत नाही, कारण मागे एका लेखकाने मधल्या काळात शेवट बदलून नवी प्रत आणून ठेवली होती. तेव्हापासून नियम झाला: शिक्क्याची प्रत टेबलावर नसेल तर ते पुस्तक त्या वर्षी नव्हतंच.

"आज चार वाजता निकाल आहे," संपादक म्हणाले. "तिघांनीही एकाच कादंबरीला पहिला नंबर दिलाय. काल दुपारी ती कपाटात होती. आज सकाळी नाही."

काल संध्याकाळी तिघेही सह्या करायला येऊन गेले होते, एकेकटे. कपाटाची किल्ली तिघांकडेही होती. वहिनींनी विचारलं, तुम्ही स्वतः वाचलीत का ती कादंबरी? संपादकांनी कानाला हात लावला. निकालाआधी संपादकाने पुस्तक उघडायचंसुद्धा नाही, नाहीतर त्याचं मत परीक्षकांच्या कानावर जातं. निकाल लागला, की कवी त्यातलं मधलं एखादं पान मोठ्याने वाचतात. संपादकांच्या कानावर पुस्तक पडतं ते तेव्हा.

कादंबरी लिहिणारी बाई दंतवैद्य होती. वहिनी आणि भाऊजी दवाखान्यात गेले तेव्हा एका रोग्याच्या तोंडात कापूस कोंबून ती बाहेर आली. दोन रोग्यांच्या मधल्या वेळात लिहीत लिहीत तिने बारा वर्षांत ही एक कादंबरी पुरी केली होती. घरच्या यंत्रावर हौसेने पुस्तकं छापणाऱ्या एका मित्राने ती छापून दिली होती. प्रत गेल्याचं तिला कळलं होतं आणि ती शांत होती, फारच शांत.

"हे वर्ष गेलं की माझं पुस्तक कुठल्याच वर्षात नाही," ती म्हणाली. "दुसरी कादंबरी अर्धी झालीय. कुणीतरी वाचतंय असं वाटायला लागलं होतं, म्हणून लिहीत होते. आता बंद करणार. दातच बरे. दुखले की माणसं आपणहून येतात तरी."

तिने स्वतःजवळची एक प्रत वहिनींना दिली आणि ती आत गेली. भाऊजींना इतकं वाईट वाटलं, की त्यांनी तिथल्या तिथे आपली दाढ दाखवायची वेळ ठरवून टाकली.

टॅक्सीत त्यांनी पुस्तक उघडलं आणि ते वैतागले. पहिलं पान आणि शेवटचं पान सोडलं तर बाकी सगळी कडेला एकमेकांना जोडलेली. छापणाऱ्या मित्राला जुन्या पद्धतीची हौस. वाचणाऱ्याने आपली आपण कापून घ्यायची. भाऊजींनी किल्ल्यांच्या जुडग्यातला चाकू काढला आणि एकेक पान कापत वाचायला लागले. कागदाचा पांढरा भुगा त्यांच्या पँटभर झाला. पीठ चाळायला बसलात का, असं वहिनींनी विचारलं, पण त्यांना ऐकू आलं नाही. दोन बहिणी, नदीवर चालवायची एक नाव, आणि एकमेकींशी शब्द नाही, अशी ती गोष्ट होती.

समीक्षकांना सगळे पाठीमागे करवत म्हणत. करवत आज मऊ होती. पहिल्याच पानावर नावेचा दोर तुटतो तिथे आपण हललो, म्हणाले, आणि शेवटी काठावर राहिलेल्या त्या चपला, त्या तर विसरणं शक्य नाही. मधल्या भागातलं काय आवडलं, असं वहिनींनी विचारलं. मधला भाग मौनाचा आहे, असं म्हणून त्यांनी चहा मागवला.

प्राध्यापिकाबाई पेपर तपासत होत्या. त्यांनाही दोर आवडला होता, चपला आवडल्या होत्या. मधला भाग सांगण्याचा नाही, अनुभवण्याचा आहे, असं त्या म्हणाल्या आणि पुढचा पेपर ओढला.

कवींनी दार स्वतः उघडलं. डोळे लाल, दाढी वाढलेली, काळ्या स्वेटरच्या छातीवर आणि बाह्यांवर पांढरा कोंडा. भाऊजींच्या ओळखीचं एक चांगलं तेल होतं, पण विषय कसा काढावा हे त्यांना सुचेना. कवी म्हणाले, प्रत आपण दोन महिन्यांपूर्वीच परत दिली. काल फक्त सही केली आणि घरी आलो. मग दोराविषयी बोलता बोलता ते थांबले.

"आणि ती शाल," ते म्हणाले. "धाकटी आजारी पडते, तर तिची शाल पांघरून थोरली अख्खा हंगाम नाव चालवते, आणि गावात कुणाला पत्ता लागत नाही." त्यांचा आवाज भरून आला. भाऊजी टॅक्सीत नुकतेच त्या पानापर्यंत आले होते, त्यामुळे त्यांचाही भरून आला.

परतताना भाऊजींनी निकाल देऊन टाकला. चोर करवत, दुसऱ्याचं चांगलं झालेलं त्याला बघवत नाही. आणि तिघांत पुस्तक वाचलेला सज्जन माणूस एकच, तो कवी.

"वाचलंय त्यांनी, हे खरं," वहिनी म्हणाल्या आणि त्यांनी टॅक्सी संस्थेकडे घ्यायला सांगितली.

चार वाजता संस्थेच्या टेबलाभोवती सगळे बसले. वहिनींनी भाऊजींची प्रत मध्ये ठेवली, शेजारी चाकू ठेवला आणि समीक्षकांना विचारलं, शिक्क्याची प्रत तुम्ही कशाने कापलीत?

"कापली म्हणजे?" समीक्षक म्हणाले.

प्राध्यापिकाबाई खिडकीबाहेर बघायला लागल्या.

"हे पुस्तक वाचायचं तर आधी कापावं लागतं," वहिनी म्हणाल्या. "न कापता वाचता येतात ती दोनच पानं, पहिलं आणि शेवटचं. दोर आणि चपला. तुम्ही दोघं त्याच्या पलीकडे गेला नाहीत."

"पण कवी गेले," भाऊजी मध्येच म्हणाले.

"गेले. पण केव्हा? त्यांच्या पाळीला त्यांनी वाचलं असतं, तर दोन महिन्यांपूर्वी कपाटात आली ती प्रत कापलेली असती. मग ती कुणी कशाला लपवील? या दोघांची लबाडीही त्या कापलेल्या पानांखाली झाकली गेली असती. दोघं निर्धास्त होते ते त्याच भरवशावर, की आपण नाही वाचलं तरी पुढचा वाचेल. प्रत न कापता कपाटात परत आली, हे कळण्यासारखा माणूस एकच, शेवटचा."

भाऊजी म्हणाले, पण तसं असेल तर त्यांना शालीचं कसं कळलं?

"कालपासून आजपर्यंत वाचून. भाऊजी, तुमच्या पँटवर आहे तेच त्यांच्या स्वेटरवर होतं. दोन महिन्यांपूर्वीचा भुगा कुणी अंगावर वागवत नाही."

कवींनी झोळीतून शिक्क्याची प्रत काढली आणि टेबलावर ठेवली. आज मोठ्याने वाचायचं पान निवडायला म्हणून काल आपण कपाट उघडलं, असं त्यांनी सांगितलं. बघतात तर पानं जोडलेलीच. आज इथे सगळ्यांसमोर ती उघडायची कशी? म्हणून प्रत घरी नेली. कापून सकाळी गुपचूप ठेवायची होती. कापता कापता वाचायला लागले आणि उठवेना. सकाळी आले तेव्हा इथे बोंबाबोंब झालेली, मग धीर झाला नाही. शेवटची काही पानं अजून कापायची राहिली होती.

प्राध्यापिकाबाई हळूच म्हणाल्या, प्रत माझ्याकडे आली तेव्हा मला वाटलं, समीक्षकांनी दुसरी मिळवून वाचली असेल. समीक्षकांनी चष्मा पुसायला घेतला.

संपादकांनी कपाळावर हात मारला. न वाचता दिलेला पहिला नंबर कसला? तो रद्दच करावा लागेल, असं ते म्हणाले, आणि भाऊजींच्या डोळ्यांपुढे ती दंतवैद्य बाई आली.

"रद्द करा," वहिनी म्हणाल्या. "पण प्रत टेबलावर आहे आणि दिवस अजून संपलेला नाही. पुस्तक लहान आहे. आत्ता वाचा."

कवींनी पहिल्या पानापासून मोठ्याने वाचायला सुरुवात केली. तासाभराने समीक्षकांनी त्यांना थांबवलं आणि शालीचं पान पुन्हा वाचायला लावलं. शेवटची जोडलेली पानं आली तेव्हा समीक्षकांनी स्वतः चाकू घेतला आणि ती जपून कापून दिली. दिवे लागले तेव्हा चपला काठावर राहिल्या होत्या. मग तिघांनी पुन्हा मत दिलं. आपलं आधीचं स्तुतीचं टिपण समीक्षकांनी मागे घेतलं. पुस्तक त्यापेक्षा चांगलं आहे, म्हणाले.

खरं ते सगळं तिला सांगायचं, असं वहिनींनी संपादकांना बजावलं. त्यांनी फोन लावला आणि अडखळत पहिल्यापासून शेवटपर्यंत सांगितलं.

"आज वाचलं त्यांनी? सगळं?" तिने विचारलं.

"सगळं. शालीपाशी तिघंही रडले. चौथा मी."

तिने नाक पुसल्याचं ऐकू आलं. मग म्हणाली, उद्यापासून दवाखाना दुपारीच उघडेन, सकाळी मला लिहायचंय.