मागच्या सीटवरची चाबी

हरवलेल्या चाब्या पुसायचं काम मी उदगीरच्या माझ्या गॅरेजात रोज करते. चौथी शिकलेली बाई कंपनीचं सॉफ्टवेअर चालवणार म्हणून जे हसले, तेच आता माझ्या दारात रांग लावतात. लॅपटॉप गाडीला जोडायचा, गाडीच्या आठवणीतून चाबी पुसायची. मग ती चाबी कुणालाही सापडो, गाडी तिला ओळख देत नाही.

त्या दिवशी ऊन कलताना देगलूरहून सिंधु गाडी घेऊन आली. मागच्या सीटवर तिची चार वर्षांची सृष्टी झोपलेली.

"चतुरामावशी, दुसरी चाबी पुसा."

"हरवली?"

"ह्यांच्या खिशात होती. पोळ्याला बैल धुताना तळ्यात... देह सापडला, चाबी न्हाई." तिनं आवाज खाली आणला. "रोज दिवेलागणीला गाडी आपोआप उघडते. पोरगी पळत जाऊन आत बसते. काल दारं आतून बंद झाली. लई वेळ उघडंनात... पोरगी निळी पडली होती, मावशी."

"वायरिंगचा घोळ असंल." भुताखेतांना मी भीक घालत नाही.

लॅपटॉप जोडला. गाडीत चाब्या : दोन.

सीटखाली, डिकीत, पर्सेत शोधलं. काही नाही. सिंधुची चाबी नेऊन लोखंडी पेटीत टाकली, म्हणजे गाडीला ती दिसणार नाही. पडद्यावर एक उरली. जागा : मागची सीट.

सृष्टी झोपेतच कडेला सरकली होती, कुणाला जागा दिल्यासारखी. गाडीत शेवाळाचा वास दाटला होता.

पुसायचं बटण दाबलं. नकार. चाबी गाडीत असेपर्यंत पुसता येत नाही.

"त्यांचं नाव काय गं?"

ती अडखळली. "आदिनाथ... लई लळा होता त्यांना पोरीचा."

मी मागचं दार उघडलं. "आदिनाथा, लळा कळतो रे बाबा. पण तिचा जीव जाईल. उतर."

गाडी हळूच वर आली, जड माणूस उतरल्यावर येते तशी.

मी बटण दाबलं. पुसली.

आठ दिवसांनी सिंधुचा फोन आला. गाडी पुन्हा उघडली नव्हती. सृष्टी घरात खेळत होती. मला बरं वाटलं.

फोन ठेवला तेव्हा गल्लीतल्या मलप्पाची नवी गाडी लॅपटॉपला जोडलेली होती. त्याच्या हातात दोन चाब्या. पडद्यावर तीन. तिसरीची जागा : मागची सीट. आतून तोच शेवाळाचा वास.

"झालं का, चतुराबाई? नातीला शाळेतून आणायचंय."

"गाडी आज इथंच राहू दे," मी म्हणाले. "पायी जा."