सोबत कोण आलं होतं?

हे खरं आहे. शपथ घेत नाही, फक्त तारखा सांगते. २ डिसेंबर आणि ९ डिसेंबर. दोन्ही मंगळवार. देवळाली कॅम्प, आमचं घर.

मी दहावीत आहे. यंदा वक्तृत्वात तालुक्यात दुसरी आले. आधी हजेरीलासुद्धा माझा आवाज फुटायचा नाही. आता माइक दिला तर परत मिळत नाही!

माझी स्नेहलताई घरून मेडिकल कोडिंग करते. अमेरिकेतल्या पेशंटच्या फाइली वाचायच्या आणि प्रत्येक आजाराला, अपघाताला ठरलेला कोड लावायचा. कपडे पेटून भाजलं, तर त्यालाही कोड आहे. शेवटी एक अक्षर. पहिल्या उपचाराला ए. नंतर जखम दाखवायला पेशंट परत आला, की डी.

आमच्या आईला डी कधी लागलाच नसता.

ऑगस्टमध्ये चहा करताना आईचा नायलॉनचा गाऊन पेटला. बारा दिवसांनी घरी सोडलं. दर मंगळवारी ड्रेसिंगला यायचं, असं बजावलं होतं. मी नेणार होते.

पण माझी स्पर्धेची प्रॅक्टिस होती.

"जा गं तू. मी जाईन रिक्षाने," आई म्हणाली.

ती गेलीच नाही. दोन मंगळवार. जखमेत पू झाला, ताप चढला...

आई गेली. मी रडले नाही. कुणीतरी भूल दिल्यासारखं झालं होतं. अजून उतरलेली नाही.

२ तारखेला शाळेतून आले, तर ताई स्क्रीनसमोर नुसती बसलेली.

"वाच."

बाई, वय चव्वेचाळीस. गाऊन पेटून भाजलेली. उजवा हात, गळा. डाव्या मनगटावर हिरवं गोंदण... छोटं झाड.

आईच्या मनगटावर तुळस होती. सायखेड्याच्या जत्रेत गोंदलेली.

"अमेरिकेत पण असेल कुणीतरी," मी म्हणाले.

"खालची ओळ वाच."

ड्रेसिंग केलं. जखम भरतेय. सोबत: धाकटी मुलगी.

नोंदीबद्दल शंका असली की तिकडच्या डॉक्टरला विचारता येतं. ताईने विचारलं. पेशंटची ओळख पुन्हा तपासा.

उत्तर लगेच आलं...

"पेशंट समोर बसली आहे."

दुसऱ्या दिवशी शाळेत माझ्या बाकावरची पल्लवी म्हणाली, "काय मॅडम, काल दांडी? ट्रॉफी मिळाली म्हणून शाळा सोडली की काय?"

"वेडी आहेस का? तुझ्याशेजारीच तर बसले होते!"

ती हसली नाही.

हजेरीत माझ्या नावापुढे गैरहजर होतं.

९ तारखेला ताईने मला शाळेत पाठवलं नाही. दाराला आतून कडी लावली. लॅपटॉप घेऊन कॉटवर बसली, एका हातात माझा हात घट्ट.

आमच्याकडे तोफांचा सराव चालतो. मधूनमधून धडाम्... खिडकीच्या काचा थरथरतात. सवय आहे.

दोन वाजता आवाज थांबले.

फ्रिजची घरघर नाही.

बाहेर रिक्षा नाहीत...

"ताई?"

"इथेच आहे. हात सोडू नकोस."

मी सोडला नाही. डोळेही मिटले नाहीत. घड्याळाकडेच बघत होते. दोन वाजून एक मिनिट...

धडाम्!

काचा थरथरल्या. घड्याळात साडेतीन.

स्क्रीनवर नवी फाइल आली होती.

जखम भरली. पेशंट चालत आली, चालत गेली. सोबत: दोन्ही मुली.

ताईने ती ओळ दोनदा वाचली. मग तिने कोड टाकला. शेवटी डी.

"जे लिहिलंय तेच लावायचं असतं," ती म्हणाली.

"ताई... आई आपल्याशी काही बोलली असेल का गं?"

ताईने लॅपटॉप मिटला. तिलाही काही आठवत नव्हतं.

त्यानंतर एकही फाइल आलेली नाही. पण मंगळवारी दोन वाजत आले, की मी बाकाची कड घट्ट धरून बसते. पल्लवीला सांगून ठेवलंय, मला चिमटे काढत राहा.

मला कुणी नेऊ नये म्हणून... की नेलं, तर या वेळी तरी मी जागी असावं म्हणून... मला खरंच सांगता येत नाही.