बायांच्या बाजूनं

सरका रे पोट्टेहो, शेकोटीजवळ. ही डोमाची गोष्ट, माह्या शेजारच्या डोमाची. नागभीडहून बैलबंडीत मशीन टाकून तो गावोगाव मुका सिनेमा दाखवे. बोलपट कधीचे आले होते, पण जंगलात वीज कुठी? हातानं फिरवायची मशीन अन् एकच जुना हसायचा सिनेमा. बायको भांडून माहेरी जाते, नवरा न्यायले येते, सासू त्याले झाडूनं बदडते, सासरा कोठीत लपते.

मधात सिनेमाचा पडदा. माणसं इकून पाहत, बाया तिकून. सिनेमातल्या माणसांचं डोमा बोले, बायांचं त्याची बायको वच्छला, पडद्यामागं बायांत बसून. लोकं पोट धरून हसत.

मंग वच्छला खरंच रुसून माहेरी गेली. डोमा म्हणे, दिवाळीनंतरच्या मंडईचे, जत्रेचे खेळ आटपले की आणतो. मंडई आटपली. मंग म्हणे, येईल आपल्या पायानं. ती तिकडंच तापानं गेली. डोमा रडला नाई. दोघांचंही तोच बोलू लागला.

सन पंचावन्न, पौषाची अवस. धानोऱ्याकडचं गाव. रात्री नऊले खेळ लागला. पडद्यावर नवरा सासऱ्याच्या दारात आला.

"चाल घरी," डोमा बोलला. बायकोचं बोलाले तोंड उघडलं...

पडद्यामागून आवाज आला. "नाई येत, जा!"

बाया खदखदल्या. डोमाले वाटलं, कोणी चेष्टा करून राह्यली. पण पुढचंही तिकूनच आलं. बरोब्बर वेळेवर.

मंग नवरा कान धरते. तिथं बायकोले बोलणंच नाई, तरी तिकून आलं.

"इतके दिवस काऊन नाई आले?"

सारे हसले. डोमाचा हात तेवढा मशीन फिरवत राह्यला. पडद्यावरचा नवरा ओठ हलवे...

"बोल ना गा, डोमाभाऊ!"

रीळ संपलं.

खेळ सुटल्यावर त्यानं गावातल्या सुगंधाबाईले विचारलं, "बाई, तिकून कोण बोलून राह्यलं होतं?"

"काऊन गा? तुझीच बायको. माह्याच बाजूले तं बसली होती."

डोमा मले म्हणाला, "भाऊ, भेव नाई लागलं. काहीच नाई वाटलं. एवढंच, की मले उत्तर देता आलं नाई."

सकाळी पडदा सोडला. बायांच्या बाजूले, बसल्या बाईच्या तोंडाइतक्या उंचीवर, तळहाताएवढा ओलावा. तीन दिवस उन्हात घातला. वाळला नाई.

चैतात मी सोता बोट लावून पाह्यलं.

ओलं होतं... अन् कोमट.