वडीलधाऱ्यांसमोरचा पेला

आमच्या सोजूच्या, म्हणजे तांदळाच्या दारूच्या, भट्टीची सहल दुपारी दोनला सुरू होते. आधी तांदूळ वाफवायची खोली, मग गव्हाच्या आंबवलेल्या वड्या टांगलेला माळा, मग स्टीलचं यंत्र, मागच्या अंगणातले रांजण आणि शेवटी चाखायची खोली. एकूण पाऊण तास. पाहुणे सगळा वेळ या शेवटच्या खोलीचीच वाट बघत असतात, हे मला पहिल्याच आठवड्यात कळलं होतं.

ही भट्टी आन्दोंग शहराच्या वरच्या अंगाला, धरणाच्या पाण्याकाठी आहे. इथे येण्याआधी मी सोळा वर्षं नगरपालिकेच्या पाणी तपासायच्या प्रयोगशाळेत होते. आईच्या आजारपणात ती नोकरी सोडली, आणि आई गेल्यावर योम दोंग-उक यांच्याकडे आले. मालक सत्तावन्न वर्षांचे, बोलके, थट्टेखोर. मुलाखतीत त्यांनी मला एकच प्रश्न विचारला होता, "प्यो बाई, पिता का?"

"कामावर नाही. गाडी चालवत घरी जायचं असतं."

"मग ठेवतो तुम्हाला. आधीची बाई पाहुण्यांपेक्षा जास्त चाखायची."

चाखायची खोली लांबट आहे. जमीन खालून ऊबदार, मध्ये बुटकं लांब मेज, भोवती आठ आसनं. मेजाचं एक टोक दाराकडे आणि दुसरं खिडकीकडे. मी दाराशी उभी राहून सांगते : हा पेला पंचवीस टक्के मद्याचा, हा पस्तीसचा, हा पंचेचाळीसचा. सोबत वाळवलेली पर्सिमनची फळं आणि सुका मासा. मग पाहुणे एकमेकांचे पेले भरतात. स्वतःचा पेला स्वतः भरायचा नाही. आणि वडीलधाऱ्यांसमोर प्यायचं तर पेला दोन्ही हातांनी धरून, तोंड बाजूला वळवून. हे आमच्याकडे कुणाला शिकवावं लागत नाही. मूल भाताचा चमचा धरायला शिकतं तसंच हेही येतं.

सप्टेंबरात पहिल्यांदा माझ्या लक्षात आलं की खिडकीकडच्या आसनावर कुणी बसत नाही. तिथून सगळं पाणी दिसतं, पलीकडचा डोंगर दिसतो. खोलीतली सगळ्यात चांगली जागा ती. सहाजण आले तर सहाही जण कडेने बसायचे. आठजण आले तर आठवा माणूस दाराकडच्या टोकाला दाटीवाटीने बसायचा. मी म्हणायची, "तिकडे जागा आहे हो." त्यावर "राहू दे, इथे बरं आहे," असं उत्तर यायचं.

बसतात लोक कुठेही. मी सोडून दिलं.

मग तो वळण्याचा प्रकार दिसला. राजधानी सोलहून एकाच कचेरीतली पाच मुलं आली होती. सगळी तिशीच्या आतली, एकमेकांना अरे-तुरे करणारी. पहिला पेला उचलला आणि पाचही जणांनी तोंड वळवलं. खिडकीकडे पाठ, दाराकडे तोंड. म्हणजे माझ्याकडे. पाच चेहरे, डोळे मिटलेले, एकदम माझ्यासमोर आले. प्यायले, पुन्हा सरळ झाले, आणि गप्पा जिथे तुटल्या होत्या तिथून पुढे चालू झाल्या.

मला वाटलं, ऊन डोळ्यांवर येत असेल. दुसऱ्या दिवशी पडदा ओढून ठेवला. तरी तेच. ढगाळ दिवस आला, तरी तेच. मी मेज उलटं फिरवलं, आसनांची अदलाबदल केली, खिडकीकडचं आसन उचलून कपाटात ठेवलं. नुसती उघडी फरशी राहिली तिथे. लोक त्या फरशीकडे पाठ करून पीत होते.

सवयीप्रमाणे मी वही केली. तारीख, माणसं, किती वळले. ऑक्टोबरअखेर एकशे बारा माणसं झाली. वळले एकशे नऊ. उरलेल्या तिघांनी पेल्याला तोंडच लावलं नव्हतं. त्या एकशे नऊमध्ये पोलंडहून आलेलं एक जोडपं होतं. त्यांना आमची ही रीत ठाऊक असण्याचं कारण नव्हतं, आणि मीही सांगितली नव्हती.

आणि एक निवृत्त हेडमास्तर होते, चौऱ्याऐंशी वर्षांचे. ते नातवंडांबरोबर आले होते. त्या खोलीत त्यांच्याहून मोठं कुणी असणं शक्यच नव्हतं. त्यांनी थरथरत्या दोन्ही हातांनी पेला धरला, मान वळवली आणि प्यायले.

मी जवळ जाऊन हळूच विचारलं, "सर, तुम्ही का तोंड वळवलंत?"

"कुठे वळवलं?" ते म्हणाले. मग स्वतःच्या हातांकडे बघून थोडे ओशाळले. "अरेच्चा. खरंच की. पोरी, वीस वर्षं झाली, ज्याच्यासमोर तोंड वळवावं असा माणूसच उरला नाही मला." जाताना त्यांनी खिडकीच्या दिशेने मान लववली. दाराशी बूट घालताना त्यांना मी पुन्हा पाहिलं, तेव्हा त्यांच्या चेहऱ्यावर कसलं तरी समाधान होतं.

दुसऱ्या दिवशी वही घेऊन मी मालकांकडे गेले. ते बाटल्यांना चिठ्ठ्या लावत होते.

"प्यो बाई, लोक पितात की नाही ते बघा. मान कुठे करतात ते कशाला मोजता?"

"एकशे नऊ माणसं, मालक. त्यातली दोन पोलंडची."

"पोलंडचे लोक सभ्य असतात."

मी वही पुढे केली. त्यांनी वही घेतली, दोन पानं चाळली आणि विचारलं, "कुठल्या बाजूला पाठ करतात म्हणालात?"

"खिडकीकडे."

त्यांच्या हातातली चिठ्ठी बाटलीवर वाकडी चिकटली. ती काढून त्यांनी पुन्हा लावली, पुन्हा वाकडी. मग बाटली बाजूला ठेवून बोलू लागले.

ती जागा त्यांच्या वडिलांची होती. योम इन-सोप. पन्नास वर्षं त्यांनी मागच्या चूलघरात, मातीच्या भांड्यातून, लाकडाच्या जाळावर सोजू गाळली. त्या सोजूला जळक्या भाताचा वास असायचा. पातेल्याच्या तळाला खरपुडी लागते तसा. गावातल्यांना तो हवा असायचा, शहरातले नाक मुरडायचे. नऊ वर्षांपूर्वी दोंग-उकनी स्टीलचं यंत्र आणलं. त्यात हवा काढून कमी उष्णतेवर गाळतात, त्यामुळे काही करपत नाही. स्वच्छ, गुळगुळीत माल.

"पहिल्या धारेचा पेला मी दोन्ही हातांनी त्यांच्यापुढे धरला," मालक म्हणाले. "त्यांनी वास घेतला आणि पेल्याच्या तोंडावर तळहात ठेवला. ओरडले नाहीत. ओरडले असते तर बरं झालं असतं. म्हणाले, 'हिला वास नाही. वास नाही ती माझ्या घरची नाही.' त्यानंतर तीन वर्षं जगले. माझ्या हातचा पेला घेतला नाही. नववर्षालासुद्धा नाही. इस्पितळात शेवटी ओठ ओले करायला सोजूत कापूस बुडवून नेला, तर ओठ घट्ट मिटले. शुद्ध नव्हती, बाई. तरी मिटले."

"आणि पुण्यतिथीला?"

"विधीचा पेला थोरला भाऊ भरतो. मी मागे उभा राहतो." त्यांनी पुन्हा बाटली उचलली. "यंत्र आणलं नसतं तर भट्टी बंद पडली असती. हे त्यांनाही माहीत होतं."

"एकदा दुपारी येऊन बसा," मी म्हणाले. "पाहुण्यासारखे. काही करू नका, नुसतं बघा."

"तुम्ही प्रयोगशाळेतल्या ना?" ते म्हणाले. "अशा गोष्टींवर तुमचा विश्वास?"

"विश्वासाचं नाही. मला दुसरा साक्षीदार हवाय."

ते तीन आठवडे आले नाहीत. नोव्हेंबरच्या शेवटी, एका थंड दुपारी, पाच पाहुणे मेजाभोवती बसलेले असताना दार सरकलं आणि मालक आत आले. दाराकडच्या टोकाला बसले. त्या दिवशी पाहुण्यांत दोन मैत्रिणी होत्या, एक ट्रकचालक आणि त्याची बायको, आणि एक वयस्कर दंतवैद्य. दंतवैद्य आल्यापासून दातांचे विनोद सांगत होता. "पंचेचाळीस टक्के? माझ्या पेशंटना हीच द्यायला हवी, सुईचा खर्च वाचेल." सगळे हसले. मालकही हसले.

मग पेले उचलले गेले.

पाचही जण वळले. दंतवैद्य तर कंबरेतून वळला, चांगलं संस्कारी पोर वळतं तसा.

मी मालकांकडे बघत होते. त्यांचं हसू तसंच राहिलं होतं, फक्त डोळ्यांतून निघून गेलं होतं. त्यांनी पेल्याला हात लावला नाही. पाहुणे उठेपर्यंत ते मांडीवर हात ठेवून बसून राहिले.

पाहुणे गेले. बाहेर त्यांच्या गाड्या सुरू झाल्याचा आवाज आला, मग तोही गेला.

"ते आसन कुठे आहे?" मालकांनी विचारलं.

मी कपाटातून काढून दिलं. त्यांनी ते खिडकीकडे नीट सरळ ठेवलं, समोर एक पेला मांडला आणि स्वतः मेजाच्या कडेला गुडघ्यांवर बसले. दोन्ही हातांनी बाटली धरून पेला भरला. एक थेंब सांडला, तो बाहीने पुसला. मग बाटली माझ्याकडे दिली.

"माझा भरा."

मी त्यांचा पेला भरला, बूच घट्ट लावलं आणि बाटली घेऊन दाराशी येऊन उभी राहिले. नेहमीच्या जागी.

"बाबा," ते म्हणाले. खिडकीच्या काचेवर वाफ धरली होती. "आहे ती अशीच आहे. वास नाही तिला. पण घर चालू आहे. तुमची चूल मी पाडलेली नाही."

त्यांनी पेला दोन्ही हातांनी उचलला, तोंड दाराकडे वळवलं, डोळे मिटले आणि एका दमात रिकामा केला. मी चार हातांवर होते. पेला रिकामा झालेला मी पाहिला.

ते सरळ झाले. पेला मेजावर ठेवला.

मी त्यांच्या चेहऱ्याकडे बघत होते. पेल्याकडे नव्हते.

"बाई," ते म्हणाले.

पेला भरलेला होता. काठोकाठ.

बाटली माझ्या हातात होती. बूच लावलेलं होतं.

आमच्याकडे मोठा माणूस तुमचा पेला घेतो तेव्हा तो पिऊन झाल्यावर तुम्हालाही भरून देतो. घेतला, याची ती खूण असते.

आसनापुढचा पेला रिकामा होता. तळ कोरडा.

मग वास आला. आधी मला वाटलं, स्वयंपाकघरात काही लागलं. पण स्वयंपाकघर बंद होतं. वास मालकांच्या भरलेल्या पेल्यातून येत होता. करपलेल्या भाताचा, किंचित गोडसर.

मालकांनी वाकून पेला हुंगला. त्यांचे खांदे हलायला लागले. आवाज काहीच नाही. मग त्यांनी पेला दोन्ही हातांनी उचलला, पुन्हा तोंड वळवलं आणि या वेळी सावकाश, घोट घोट घेत प्यायले. डोळ्यांतलं पाणी हनुवटीवरून पेल्यात पडत होतं. ते तसंच प्यायले.

पुन्हा सरळ झाले तेव्हा पेला रिकामाच राहिला. आम्ही दोघं बराच वेळ त्याच्याकडे बघत होतो.

"मी दोन्ही हातांनी धरला होता ना?" त्यांनी विचारलं.

"दोन्ही हातांनी," मी म्हणाले.

डिसेंबरात त्यांनी मागचं चूलघर उघडलं. कोळिष्टकं काढली, मातीचं भांडं उतरवून घासलं, पाइनची लाकडं रचली. स्टीलचं यंत्रही चालू ठेवलं. "बाबांचा माल बाबांच्या चुलीत, माझा माझ्या यंत्रात," असं म्हणत ते आता पुन्हा पूर्वीसारखे थट्टा करू लागले होते.

चाखायच्या खोलीत सगळं निवळलं. लोक सरळ बसून, एकमेकांकडे बघत पिऊ लागले. धाकटे थोरल्यांसमोर वळायचे, बाकी कुणी नाही. खिडकीकडचं आसन पहिल्यांदा भरलं ते नाताळच्या आदल्या दिवशी. एक कॉलेजातली मुलगी तिथे मजेत बसली आणि पाण्याचे फोटो काढत राहिली. मी आणखी साठ माणसं मोजली. मग वही बंद केली. प्रयोग संपला की नोंदी थांबवायच्या असतात.

फेब्रुवारीत चुलीवरचा पहिला घाणा निघाला. सकाळचे अकरा वाजले होते. मालक नवे रांजण बघायला आन्दोंगला गेले होते. "पहिली चव तुम्हीच घ्या, चिठ्ठीवर काय लिहायचं ते ठरवा," असं सांगून गेले होते. रस्त्यावर बर्फ होतं म्हणून मी त्या दिवशी बसने आले होते. नाही म्हणायला निमित्त नव्हतं.

चूलघरात मी एकटीच होते. जाळ मंदावला होता. भांड्याच्या तोटीतून शेवटची धार टपकत होती. दार उघडं होतं आणि बाहेर अंगणातलं बर्फ उन्हात चकाकत होतं. सगळं लख्ख दिसत होतं. चुलीकडे तोंड करून मी पेल्यात थोडी घेतली, रंग पाहिला, हुंगली. जळका भात, मागे गवत, त्यामागे नासपतीसारखं काहीतरी. हे सगळं मी मनात लिहून घेतलं आणि प्यायले.

चांगली होती. फार चांगली होती. मी डोळे उघडले.

समोर भिंत होती. मातीची, धुराने काळी झालेली, नाकापासून वीतभर अंतरावर. पेला माझ्या दोन्ही हातांत होता.

चूल माझ्या पाठीमागे होती. तिथे कुणीतरी लाकूड आत सरकवलं.