भट्टी थंड होतानाचा आवाज

माणूस खोटं बोलतोय हे कसं ओळखायचं, हे मी पोटासाठी शिकवते. कॉलेजात गुन्हेगारीशास्त्र हा माझा विषय. त्यामुळे पुढचं वाचून कुणाला वाटलं की बाई थापा मारतेय, तर खुशाल वाटू द्या. मी त्या खोलीत होते. माझ्यासोबत आणखी तिघं होती. चौघांनीही ते ऐकलं.

रात्र नव्हती. वादळ नव्हतं. दिवेही गेले नव्हते.

भरदुपार होती. तुरुंगात कैद्यांना टायपिंग शिकवतात, ती खोली. खिडकीबाहेर दोन कैदी पाईपने वाफ्यांना पाणी घालत होते आणि कशावरून तरी हसत होते.

आधी माझं काम सांगते, म्हणजे पुढचं कळेल.

ज्याने गुन्हा केला तो आणि ज्यांच्या घरावर तो कोसळला ती माणसं, यांना मी समोरासमोर बसवते. दोघांनाही हवं असेल तरच. कोर्ट शिक्षा देतं, पण कोर्टात घरच्यांना काही विचारता येत नाही. आणि त्यांचे प्रश्न फार साधे असतात. त्याला थंडी वाजत होती का? शेवटी कुणाचं नाव घेतलं?

आमची बसायची एक पद्धत आहे. मधे टेबल नाही. खुर्च्या गोल मांडायच्या. आणि एक खुर्ची रिकामी ठेवायची. जो गेला, त्याची. तिच्यावर कुणी बसायचं नाही. पर्स ठेवायची नाही. साधा रुमालसुद्धा नाही.

हे भुताखेतासाठी नाही हं. ज्याच्याबद्दल बोलायचं तोच बोलण्यातून निसटून जातो, म्हणून.

त्या दुपारी ती खुर्ची पिठ्याची होती.

पिठ्या म्हणजे बेकरीवाल्या काकांचा एकुलता एक मुलगा. मिसरूड फुटलेलं, भुवयांवर कायम मैदा, म्हणून सगळी गल्ली त्याला पिठ्या म्हणायची. पीठ मळायचं मशीन सुरू असलं की बेकरीत कानाशी ओरडलं तरी ऐकू येत नसे. मग बापलेकांनी एक खूण ठरवली होती. ट्रेवर लगोलग दोन टिचक्या, जरा थांबून तिसरी.

टक्टक्... टक्.

'बाबा, इकडे या.'

मी पहिल्यांदा काकांना भेटायला गेले तेव्हा बेकरी बंद होती. भट्टीवर धुळीचा थर. काकांनी एक ट्रे उचलून मला ती खूण करून दाखवली. दोन टिचक्या मारल्या आणि तिसरीसाठी उचललेलं बोट तसंच राहिलं. त्यांना काही ती मारता आली नाही.

त्यांची बहीण, म्हणजे पिठ्याची आत्या, चहा घेऊन आली. म्हणाली, "भट्टी पेटवतच नाही हा. मी किती मागे लागले. म्हणतो, पेटवली की विझवावी लागेल."

"विझवल्यावर पत्रा वाजतो ना, मॅडम," काका म्हणाले. "थंड होताना. सगळी रात्र टक टक करत असतो. जन्म गेला माझा ते ऐकण्यात."

सुट्टीच्या आदल्या रात्री त्यांनी भट्टी विझवली होती आणि वर जाऊन झोपले होते. पिठ्या थंडीत खालीच झोपायचा, भट्टीच्या उबेला. एका वायरमनने काही दिवसांपूर्वीच बेकरीचं वायरिंग केलं होतं. आत यायची वाट त्याला माहीत होती. सुट्टीचा दिवसही माहीत होता. पिठ्या खाली झोपतो, हे तेवढं माहीत नव्हतं.

चोरी करायला आला, पिठ्या जागा झाला, झटापट झाली. वायरमनने ढकललं. भट्टीचा कोपरा डोक्यात गेला.

सकाळी काकांनी शटर उघडलं...

ते पुढचं मी लिहीत नाही.

"मी जागाच होतो हो," काका सांगत होते. "खालून टक टक येत होतं. मी म्हटलं, पत्रा. पांघरूण डोक्यावर ओढलं आणि कूस बदलली. नीट ऐकलंच नाही. दोन होत्या की तीन होत्या, काय होतं..."

आत्याने तोंड फिरवलं.

"मला त्या माणसाला एकच विचारायचंय, मॅडम. शिव्या द्यायच्या नाहीत. माझा पोरगा लगेच गेला ना? लगेच गेला असेल तर तो आवाज भट्टीचाच. मग मी झोपू शकेन."

वायरमनने कोर्टात तेच सांगितलं होतं. डोकं आपटलं आणि संपलं.

मग मी तुरुंगात वायरमनला भेटायला गेले. एकदा, दोनदा, पुष्कळदा. हडकुळा माणूस. त्याला भेटायला कुणी येत नसे. त्याची मुलगी वर्गात बसली की शेजारची मुलं बाक सरकवत. शेवटी बायको मुलीला घेऊन कुठेतरी निघून गेली, पत्ता न ठेवता. मी शिकवते त्यात याला समाजाची प्रतिक्रिया म्हणतात. त्या माणसासमोर बसल्यावर मला तो शब्द उच्चारवेना.

एक दिवस तो खाली बघत म्हणाला, "लगेच नाही गेला, मॅडम."

मी हातातली वही मिटली. अशा वेळी लिहून घ्यायचं नसतं.

"तोंडातून शब्द फुटत नव्हता त्याच्या. हात तेवढा हलत होता. बाजूला ट्रे पडला होता, त्याच्यावर बोटांनी वाजवत होता. मी शटर ओढलं तरी वाजवत होता. कोपऱ्यापर्यंत मला ऐकू येत होतं."

"कसं वाजवत होता?" मी विचारलं. विचारायला नको होतं.

त्याने मांडीवर वाजवून दाखवलं.

दोन. थांबून एक.

त्या खुणेचा अर्थ त्याला ठाऊक नव्हता. मला होता. आणि आमचा नियम असा, की एकाचं बोलणं दुसऱ्याला सांगायचं नाही. ज्याने त्याने ते त्या गोलात बसूनच सांगायचं. कितीतरी दिवस मला जेवण गेलं नाही.

"कोर्टात बोललो नाही ते काकांना सांगीन," वायरमनने मला शब्द दिला होता.

तर ती दुपार.

काका इस्त्रीचा शर्ट घालून आले होते. आत्याने आत येताच हातातली पिशवी रिकाम्या खुर्चीवर ठेवायला घेतली.

"ती नको, ताई," मी म्हटलं. "ती पिठ्याची."

तिने पिशवी मागे घेतली. खुर्चीकडे बघत राहिली. साधी लोखंडी घडीची खुर्ची, पत्र्याच्या बैठकीची.

"मग पुसून तरी ठेवायची होतीत," ती पुटपुटली. आणि स्वतःच्या रुमालाने तिने ती बैठक स्वच्छ पुसली. घरी पाहुणा यायचा असावा, तशी.

शिपायाने वायरमनला आणून बसवलं आणि स्वतः दाराबाहेर थांबला. आता खोलीत आम्ही चौघं.

पंखा कुरकुरत होता. बाहेर पाण्याचा आवाज.

मग काकांनी विचारलं. मोठ्या आवाजात नाही. दुकानात गिऱ्हाईकाला विचारावं तसं.

"माझा पोरगा... लगेच गेला ना रे?"

वायरमनने मान वर केली. मी त्याच्या तोंडाकडे बघत होते. त्याने काकांचा चेहरा पहिल्यांदा इतक्या जवळून पाहिला असावा. त्याचे ओठ हलले, थांबले.

"हो काका. लगेच. त्याला काही कळलंसुद्धा नाही."

खोटं. धडधडीत खोटं. खोटं पकडायला मी जन्मभर शिकवलंय. आणि खरं सांगू? मला हायसं वाटलं. काकांनी डोळे मिटून असा श्वास सोडला, जणू कित्येक दिवस तो छातीत कोंडला होता. म्हटलं, राहू दे. झोपू दे या माणसाला.

"देवाची कृपा," आत्या रडत म्हणाली.

आणि तेव्हा...

आधी पंख्याची कुरकुर थांबली.

पंखा फिरत होता. पाती दिसत होती. आवाज तेवढा नव्हता.

मग बाहेरचं पाणी थांबलं. मी खिडकीकडे पाहिलं. पाईपमधून पाणी पडत होतं, कैद्यांची तोंडं हसत होती, पण ऐकू काही येत नव्हतं.

कानात नुसती पोकळी...

आणि मग...

टक्टक्...

टक्.

पत्र्यावर. अगदी हलकं. बोटाच्या नखाने वाजवावं तसं.

आत्याने माझं मनगट पकडलं. वायरमनचे दोन्ही हात मांडीवर होते. काकांचेही. मी तुम्हाला शपथेवर सांगते, मी सगळ्यांचे हात पाहिले. मला तीच सवय आहे.

टक्टक्...

टक्.

आवाज त्या रिकाम्या खुर्चीतून येत होता.

"नाही, नाही," वायरमन खुर्चीतून घसरून खाली बसला. "सांगतो. सांगतो रे! खोटं बोललो, काका. तो जिवंत होता. हे असंच वाजवत होता. मला वाटलं तडफडतोय, म्हणून हात आपटतोय. एक हाक मारली असती तरी तुम्ही खाली आला असता. मी शटर ओढलं. मी पळालो."

काका त्याच्याकडे बघतच नव्हते.

ते उठले. तोल सावरत खुर्चीपाशी गेले. गुडघ्यांवर बसले. इस्त्रीचा शर्ट, पांढरे केस, आणि समोर रिकामा पत्रा.

टक्टक्...

"आलो रे," काका म्हणाले. "आलो, पिठ्या. उशीर झाला बाळा. आलो बघ."

तिसरी टिचकी आली नाही.

पंखा कुरकुरायला लागला. बाहेर कैदी खो खो हसले. काकांनी बैठकीवर हात ठेवला होता. मी त्यांना उठवायला गेले तेव्हा माझा हात त्या पत्र्याला लागला आणि मी चटकन मागे घेतला.

पत्रा गरम होता. नुकत्याच भट्टीतून काढलेल्या ट्रेसारखा. त्या खोलीत ऊन येत नाही.

मी त्या दिवशी फार रडले. सगळ्यांसमोर. आमच्या कामात ते बसत नाही.

निघताना काका वायरमनजवळ थांबले. माफ केलं वगैरे काही म्हणाले नाहीत. सिनेमात होतं तसं खऱ्या आयुष्यात होत नाही.

"खोटं माझ्यासाठीच बोललास ना?"

त्याने होकारार्थी मान हलवली.

"आता नको बोलूस," काका म्हणाले आणि गेले.

ती खुर्ची तुरुंगात कुणी ठेवून घेईना. शिपाई म्हणाला, "मॅडम, तुम्हीच न्या, आमच्या डोक्याला ताप नको." मी घरी आणली. माझ्या अभ्यासाच्या टेबलाशेजारी ठेवली.

ती वाजायची.

संध्याकाळी गारवा पडला की कधीतरी एखादी टक. मी शिकलेली बाई. लोखंड गार होताना आकसतं आणि वाजतं, हे मला माहीत आहे.

काकांनाही माहीत होतं.

म्हणून मी हातातलं काम टाकून उठायचे. दर वेळी. खुर्चीवर हात ठेवायचे. "आले रे," म्हणायचे. नवरा हसायचा. मग त्याने हसणं सोडलं.

गेल्या महिन्यात मला कॉलेजात उशीर झाला. घरी आले तर शेजारच्या काकू दारातच उभ्या. "अगं, होतीस कुठे? तुझ्या घरात कोण वाजवतंय मघापासून? दोनदा वाजवतंय, थांबतंय, एकदा वाजवतंय. मी बेल मारली तर कुणी उघडेना."

मी धावत आत गेले. खुर्ची शांत होती. पत्रा कोमट होता.

तेवढ्यात फोन वाजला. पिठ्याची आत्या.

काका गेले होते. दुपारी पडले होते, बरं वाटत नाही म्हणून. "मघाशी एकदम उठून बसला गं," ती सांगत होती. "घरात चिटपाखरू नाही, आणि हा कान देऊन ऐकत होता. मग तोंड भरून हसला. म्हणाला, आलो रे. आणि कलंडला."

यंदा थंडी कडाक्याची आहे. पाणी हातात धरवत नाही. खुर्ची तीच, जागा तीच, लोखंडही तेच.

मी रोज संध्याकाळी दिवा न लावता तिच्याजवळ बसते आणि कान देऊन ऐकते.

ती आता वाजत नाही.