तारेमाळाची पुढे ठेवलेली घड्याळं

आईचा फोन आला की चैत्रालीला हसू आवरायचं नाही. आई खालच्या शहरात नोकरीला होती आणि हल्ली फोनवर खारीसारख्या चिरक्या आवाजात इतकी भरभर बोलायची, की "जेवलीस का" आणि "अभ्यास झाला का" हे दोन्ही प्रश्न एका दमात संपायचे. उलट आईच विचारायची, "अगं, तू अशी झोपेतून उठल्यासारखी काय बोलतेस? ताप आहे का?"

तारेमाळावर, म्हणजे चैत्रालीच्या गावात, आणखीही गमती चालल्या होत्या. शहरात जाणारी गाडी रोज लवकर सुटायची. चालक शपथेवर सांगायचा, की तो अगदी वेळेवर आहे. सूर्य तर नुसता पळत सुटला होता. "दिवस पुरतच नाही बाई," असं शेजारच्या पानसेकाकू म्हणायच्या. पण त्या हे आधीपासूनच म्हणत असल्यामुळे कुणी लक्ष दिलं नाही.

मंगळवारी सकाळी मात्र हसू पळालं. शहरातल्या नियंत्रण केंद्राकडून चैत्रालीच्या आजोबांना, आबांना निरोप आला: माळावरचा काळ बाहेरच्या काळाच्या फार मागे पडला आहे. आज सूर्यास्तापर्यंत त्याची गती जुळली नाही, तर काळस्थिरक बंद करू आणि गाव खाली हलवू.

काळस्थिरक (काळ आणि वास्तव जागच्या जागी धरून ठेवणारं यंत्र) आबांनीच बनवला होता. तारेमाळावर काळ मुळातच सैल. यंत्र येण्यापूर्वी इथे कालचं दुधाचं पातेलं आजच्या पातेल्याशेजारी दिसायचं आणि एकच शेळी एकाच वेळी दोन कुंपणांत चरायची. यंत्र बंद म्हणजे गाव बंद. चैत्रालीचा जन्म इथला. हे घर, हा माळ सोडायचा या विचारानंच तिचे डोळे भरून आले.

"आबा, यंत्र बिघडलंय का?"

"तेच तर कळत नाही!" आबा डोकं खाजवत म्हणाले. "सगळे भाग ठणठणीत आहेत. हे बघ, यंत्राला दोन गोष्टी कळतात. एक म्हणजे स्पंदक ताऱ्याचे ठोके. स्पंदक (ठरावीक अंतरानं रेडिओलहरी पाठवणारा तारा) बाहेरचा खरा काळ सांगतो. दुसरी गोष्ट म्हणजे आपल्या घराघरांतल्या घड्याळांची वेळ. घड्याळं ताऱ्याच्या पुढे दिसली, की यंत्र समजतं, माळावरचा काळ जोरात पळतोय. मग ते त्याला थोडं मागे ओढतं."

"पण घराघरांतली घड्याळं कशाला? एक चांगलं घड्याळ नाही का पुरत?"

"एकच असलं आणि तेच चुकलं तर? बरणीत गोट्या किती, असं तू वर्गाला विचारलंस तर कुणी जास्त सांगेल, कुणी कमी. सगळ्यांची सरासरी काढली की जास्त-कमी एकमेकांना खोडतात आणि उत्तर खऱ्याच्या जवळ येतं. अशा चुकीला यादृच्छिक चूक (कधी इकडे, कधी तिकडे होणारी चूक) म्हणतात." आबांना समजावून सांगताना जरा बरं वाटू लागलं होतं. मग त्यांची नजर भिंतीवर गेली. "अगं, शाळेला उशीर झाला की तुला!"

"नाही हो आबा. आपलं घड्याळ दहा मिनिटं पुढे आहे ना!"

"हां, ते असतंच पुढे. घाई नको व्हायला म्हणून मीच..."

आबांचं तोंड उघडंच राहिलं. चैत्राली आधी त्यांच्याकडे, मग घड्याळाकडे बघत राहिली.

"आबा, सगळ्यांचीच पुढे असतील!"

दोघं चपला घालून बाहेर पडले. ज्या दारात विचारावं तिथे तेच उत्तर. एकीकडे दहा मिनिटं, दुसरीकडे वीस. पानसेकाकूंचं पंधरा. "आमचे हे अंघोळीला किती वेळ लावतात, माहीत नाही का तुम्हाला?" असं वर त्यांनी आबांनाच सुनावलं.

"बरणीची काच फुगीर असेल तर?" चैत्राली म्हणाली. "सगळ्यांनाच गोट्या जास्त दिसतील!"

"शाबास! ही पद्धतशीर चूक (सगळ्यांची एकाच बाजूला होणारी चूक). ही सरासरीनं जात नाही. यंत्रानं प्रामाणिकपणे काळ मागे ओढला. घड्याळं ताऱ्याशी जुळली. मग लोकांची गाडी चुकायला लागली..."

"...म्हणून त्यांनी घड्याळं आणखी पुढे केली! आणि यंत्रानं आणखी ओढलं!"

मग दोघं घरोघरी घड्याळं बरोबर करत सुटले. सूर्य आज दुप्पट घाईत होता. बघता बघता उन्हं कलली. गावाच्या टोकाला जाऊन ती परत येतात तर काय, पानसेकाकू स्टुलावर उभ्या राहून काटा पुढे सरकवत होत्या.

"काकू!" चैत्राली ओरडली. "गाव उठेल ना आपलं!"

"अगोबाई! हाताला सवय झालीय गं," काकू ओशाळल्या. "पण खरं सांगू? बरोबर वेळ बघितली की मला धडधडतं."

चैत्रालीला रडूच फुटलं. आज काकूंचा हात धरता येईल. उद्या अख्ख्या गावाचे हात कोण धरणार? ती मटकन पायरीवर बसली. काकू पाणी आणायला आत गेल्या. घर शांत झालं आणि भिंतीवरून टिक, टिक, टिक ऐकू येऊ लागलं. ती ऐकत राहिली. काकूंनी काटा पंधरा मिनिटं पुढे ढकलला होता, पण टिकटिक काही पुढे उडी मारत नव्हती.

"आबा, यंत्राला काटे बघायलाच नका सांगू. टिकटिक मोजायला सांगा! ताऱ्याच्या एका ठोक्यापासून दुसऱ्यापर्यंत घड्याळाची टिकटिक किती वेळा झाली, एवढंच. चपला घालून उंची मोजली तर ती चुकते. पण दर वेळी त्याच चपला असतील, तर मी किती वाढले ते बरोबरच कळतं ना?"

 वयाला न शोभेल असे आबा यंत्रघराकडे धावले.

चैत्राली पोचली तेव्हा आबा नवी सूचना भरत होते. खिडकीबाहेर सूर्य डोंगराला टेकला. यंत्र क्षणभर घुमलं. पडद्यावरची सुई डावीकडून निघाली, थरथरली आणि मध्यावर येऊन थांबली. सूर्यही एकदम सावकाश झाला. अर्धा बुडालेला, पण उरलेला अर्धा घाई करीना. मग केंद्राचा निरोप आला: गती जुळली. गाव हलवायचं नाही. मागे पडलेला काळ हळूहळू भरून काढा.

चैत्राली आबांच्या गळ्यातच पडली. बाहेर ओरडत जाऊन तिनं बातमी सांगितली, तशा गावभर बांधलेल्या वळकट्या सुटू लागल्या. कुणीतरी चहाचं आधण ठेवलं.

"आबा," थोड्या वेळानं ती म्हणाली, "मंगळावर वस्ती होणार आहे ना? तिथेही असं यंत्र लागेल?"

"लागेल कदाचित. का गं?"

"तिथेही माणसंच राहणार. आधी सगळ्यांच्या घरी जाऊन चहा प्यायचा, त्यांच्या सवयी बघायच्या आणि मगच यंत्र बनवायचं."

आबांनी आपली खुर्ची सरकवून तिला यंत्रासमोर बसायला जागा केली.